चांदभाईंचा बुधवार

महाळुंग्यात गुरुवारी सुट्टी असते. कंपन्या बंद, चहाच्या टपऱ्या सुस्त, रस्त्याला ट्रक कमी. चांदभाई मुलाणींचं मोटर वाइंडिंगचं दुकान मात्र त्या दिवशी हमखास उघडं. ते बंद असतं बुधवारी. नवीन गिऱ्हाइकाला हे माहीत नसतं. तो जळकी मोटर रिक्षात घालून येतो, शटरवर थापा मारतो आणि शेवटी शेजारच्या वडापाववाल्याकडे वळतो.

वडापाववाला कढईवरची नजर न काढता सांगतो, "आज बुधवार. चाचा पाण्यावर गेलेत."

चांदभाई साठीला टेकलेले. बोटांना वार्निशचा वास, चष्म्याच्या एका काडीला तांब्याची तार गुंडाळलेली. दुकानात येणारे बहुतेक बाहेरगावचे. ते चांदभाईंशी हिंदीत बोलतात, चांदभाई मराठीत उत्तर देतात.

"चाचा, गाँव कौनसा आपका?"

"हितलाच."

"नहीं, असली गाँव?"

"आसली बी हितलाच हाय बाबा. तू कुठला, ते सांग."

हे दिवसातून एकदा तरी होतंच. चांदभाई चिडत नाहीत. तार गुंडाळत राहतात.

ज्या पाण्यावर ते बुधवारी जातात ती एक विहीर आहे. चहूबाजूंनी पत्र्याच्या शेड, मध्ये चार गुंठ्यांचा तुकडा, त्यात ही दगडी बांधाची विहीर. आजूबाजूची शेतं कंपन्यांसाठी गेली तेव्हा हा तुकडा नकाशाच्या कोपऱ्यात कसाबसा वाचला. फार पूर्वी सात घरांनी मिळून ती खणली. घरं सात, वार सात. मग भांडण कशाला? प्रत्येकाला एक वार वाटून दिला. ज्याचा वार त्याचं पाणी, दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत. पुढे गावात घरंच वारांनी ओळखली जाऊ लागली. "शनिवारवाल्यांकडं बारसं हाय," असं म्हातारी माणसं अजून म्हणतात. मुलाणी म्हणजे बुधवारवाले.

चांदभाईंचे आजोबा हुसेन मुलाणी सांगून गेले होते, वार चुकवायचा नाही. वार चुकला की हक्क सुटला. ते गेले, मग चांदभाईंचे वडील गेले, त्याआधीच शेत गेलं होतं. बाकीच्या सहा घरांनी विहिरीकडे पाठ फिरवली. चांदभाई मात्र दर बुधवारी जाऊन मोटर चालू करत राहिले. भिजवायला वाफा नव्हता. पाणी गुरांच्या जुन्या हौदात पडायचं. गुरंही नव्हती. हौद भरून वाहायचा, चांदभाई बांधावर बसून बघायचे.

एकदा तिथे धम्मरत्न आला. परभणीकडचा पोरगा, कंपनीत प्रेसवर कामाला, शेजारच्या खोल्यांमध्ये भाड्याने राहणारा.

"चाचा, हे पाणी कामून वाया घालवायलात?"

"वाया कुठं? पाळी हाय आमची."

धम्मरत्नला त्यातलं काही कळलं नाही. त्याने खोल्यांच्या टाकीपर्यंत पाइप आणून टाकला. तेव्हापासून त्या खोल्यांना सहा दिवस टँकरचं पाणी आणि बुधवारी चांदभाईंचं.

मोटर चालू करणं सोपं नव्हतं. तिचा फूटव्हॉल्व्ह, म्हणजे विहिरीतल्या पाइपच्या तळाची झडप, गळायचा. आधी नरसाळ्याने पंपात पाणी ओतायचं, पाइपवर एका ठरावीक जागी बुक्की मारायची, मग बटण दाबायचं. ती जागा फक्त चांदभाईंना माहीत. दुनियेच्या मोटरी भरून देणाऱ्याची स्वतःची मोटर अशी. शहाजादी, म्हणजे त्यांची बायको, पाहुण्यांना हे आवर्जून सांगायची.

असं सगळं निवांत चाललेलं असताना एका गुरुवारी रणजीतची पांढरी गाडी दुकानासमोर थांबली.

रणजीत हा शुक्रवारवाल्यांचा. धम्मरत्न राहतो त्या खोल्या त्याच्याच, मागच्या दोन शेडही त्याच्याच. स्वतः तो रावेतला फ्लॅटमध्ये राहतो. भाडं मोबाईलवर येतं, त्यामुळे गावात चक्कर कमी.

"चांदचाचा, विहिरीचा सातबारा बघितलाय का कधी? सातच्या सात मालक वर गेलेत."

"मग खाली कोन उरलंय?"

"आपणच. म्हणून तर आलो. सरकारची मोहीम चाललीय, मेलेल्यांची नावं काढायची, वारसांची लावायची. जिवंत सातबारा."

"चांगलंय की. लावू."

"लावू. आणि लागली की सगळ्यांनी तो तुकडा मला लिहून द्यायचा. विहीर बुजवतो. मागच्या शेडला कंटेनर जात नाही, रस्ता पाहिजे. बाकी पाच घरं तयार आहेत. फुकट मागत नाही चाचा."

चांदभाईंनी तारेचा वेढा पूर्ण केला. "नाव लावू. बुधवार न्हाई द्यायचा."

"अहो, बुधवार काय शोकेसमध्ये ठेवणार आहात? एका दिवसाच्या पाण्याचं करता काय तुम्ही?"

"तू रविवारी काय करतो?"

"काही नाही. झोपतो."

"मग देतो का मला तुझा रविवार?"

रणजीत हसला. चहा प्यायला, वडापाव बांधून घेतला आणि गेला. पण गाडीत बसताना तो हसत नव्हता.

घरी शहाजादी म्हणाली, "द्यायचा व्हता की. मोटरी उचलून पाठ गेली तुमची."

"शेत गेलं. घर वाटनीत चुलत्याकडं गेलं. हे भाड्याचं. दुकान भाड्याचं. गावात आता आपलं काय हाय, मोज."

शहाजादीने हात पुढे केला. एक बोट मिटलं. "बुधवार." दुसरं बोट तसंच राहिलं. तिने हात पदरात घेतला आणि भाकरी थापायला बसली. पुन्हा तो विषय काढला नाही.

अर्ज नबीलाने भरला. नबीला त्यांची मुलगी, चाकणला एका कंपनीत क्वालिटीला आहे. शिफ्ट करून आल्यावर मोबाईल घेऊन बसली.

"अब्बा, आपला हिस्सा किती?"

"बुधवार."

"बुधवार नाही लिहिता येत. अपूर्णांक पाहिजे."

"बुधवार अपुरा कसा? चांगला आख्खा दिस हाय."

चावडीवर तर प्रत्येक घराने हेच केलं. तलाठ्याने हिस्सा विचारला की कुणी सोमवार म्हणे, कुणी मंगळवार. शेवटी त्याने हात जोडले आणि सगळ्यांचा सातवा हिस्सा धरला. विहिरीची पाळी वाटणीत वडिलांकडे आलेली, म्हणून चांदभाईंनी वारसांत स्वतःसोबत बहिणीचंही नाव दिलं. मुमताज रहाटणीला दिलेली. तिने फोनवर सांगून टाकलं, "घाल माझं नाव. सकाळ तुझी, दुपार माझी. पण दुपारी मी झोपलेली असते, तेव्हा माझी दुपार पण तूच बघ."

नोटीस निघाली. पंधरा दिवसांत कुणाची हरकत आली नाही तर नोंद पक्की. चांदभाई निर्धास्त होते. हरकत घेणार कोण?

कागद आला तो शेवटच्या आठवड्यात. नबीलाने उभ्यानेच वाचला. मुलाणी कुटुंबाची या शिवारात जमीन उरलेली नाही. विहीर वापरात नाही. मुलाण्यांची तिथे वहिवाट नाही. सबब त्यांच्या वारसांची नावे लावू नयेत.

"रणजीत," शहाजादी म्हणाली.

"नाही अम्मी. हरकतदार आबाजी साहेबराव."

"परत वाच," चांदभाई म्हणाले.

तिने परत वाचलं. नाव तेच होतं.

आबाजी म्हणजे रणजीतचे आजोबा. ऐंशी ओलांडलेले, दिवसभर देवळाच्या पारावर बसलेले. चांदभाईंना 'चांद्या' म्हणणारा गावातला शेवटचा माणूस. त्यांनीच लहानग्या चांदला कमरेला भोपळा बांधून याच विहिरीत ढकललं होतं आणि वरून ओरडले होते, "मार हात! बुडालास तर तुज्या बापाला काय तोंड दावू?" चांदभाई पोहायला शिकले ते असे.

"जाऊन विचारा की त्यांना," शहाजादी म्हणाली.

"इचारलं, आन व्हय म्हनले, तर?"

ते गेले नाहीत. दुकानाचा रस्ता पारावरून होता. चांदभाई मागच्या गल्लीने जायला लागले. वडापाववाल्याला वाटलं, चाचांनी कुणाची तरी उधारी थकवली असावी.

सुनावणीची तारीख पडली. बुधवार.

आता आली का पंचाईत! सुनावणी चुकवली तर हक्क गेला. वार चुकवला तर आजोबांच्या म्हणण्याप्रमाणे हक्क गेला. नबीला म्हणाली, तारीख बदलून मागू. चांदभाई म्हणाले, नको, लोक म्हणतील पळाला. अकराची वेळ होती. बारापर्यंत उरकलं की थेट विहिरीवर जायचं असं ठरलं. दिवस मावळायच्या आत पाणी निघालं म्हणजे झालं.

ते साडेदहालाच कचेरीत जाऊन बसले. मंडळ अधिकारी अंजली मॅडम कुठल्याशा पंचनाम्याला गेल्या होत्या. बारा वाजले, एक वाजला. बाकावर चांदभाई एकटेच. मग दारातून काठी टेकत आबाजी आले, रणजीतच्या हाताला धरून. बाक एकच होता. आबाजी चांदभाईंना चिकटून बसले. रणजीत फोनवर बोलायला बाहेर गेला.

"चांद्या, लई दिस झालं पारावर फिरकला न्हाईस. रुसलास का काय माज्यावर?"

चांदभाई त्यांच्याकडे बघतच राहिले. हरकत घेणारा माणूस असं बोलतो?

"काम व्हतं, आबा."

"आन आज बुधवारचा हितं कसा? पान्याचं काय?"

"हितलं उरकलं की जातो."

"मग मी बी येतो. लई दिवसांत हीर बघितली न्हाई." एवढं बोलून आबाजींनी डोळे मिटले. थोड्या वेळाने घोरू लागले. डोकं हळूहळू चांदभाईंच्या खांद्यावर आलं. चांदभाई हलले नाहीत.

मॅडम आल्या तेव्हा तीन वाजून गेले होते. घोटभर पाणी प्यायल्या, फाईल उघडली, हरकतीचा कागद वाचायला लागल्या. "सदर विहीर वापरात नसून..."

टेबलावर रणजीतचा फोन थरथरला. त्याने कट केला. "...मुलाणी यांची कोणतीही वहिवाट..." फोन परत थरथरला. परत कट. तिसऱ्यांदा वाजला तेव्हा मॅडमनी कागद खाली ठेवला.

"घ्या तो एकदाचा."

रणजीतने फोन कानाला लावला. पलीकडे धम्मरत्न होता. प्रेसच्या धडधडीशेजारी काम करणाऱ्याचा आवाज. त्याला स्पीकरची गरज नव्हती.

"मालक, पाणी आलं नाही हो! बुधवार हाय ना आज?"

"टँकर पाठवतो. ठेव."

"टँकर बाकीच्या दिवशी हो मालक! बुधवारी चाचाचं पाणी येतंय ना टाकीत. चाचा कुठंच दिसंनात. दुकान बंद, हिरीवर बी नाहीत. आम्ही मोटर लावून बघितली, नुसती गुरगुरायली. बाया बादल्या घेऊन उभ्या हायेत, मला शिव्या घालायल्यात!"

रणजीतने फोन कानापासून दूर धरला. त्याने काही फरक पडला नाही.

"चाचा म्हणजे कोण?" मॅडमनी विचारलं.

चांदभाई अपराध्यासारखे उभे राहिले. "फूटव्हॉल्व्ह गळतोय, मॅडम. दुसऱ्या कुनाला ती चालू व्हत न्हाई."

मॅडमनी हरकतीचा कागद पुन्हा उचलला. एकदा रणजीतकडे, एकदा आबाजींकडे पाहिलं. "हरकतदार आबाजी साहेबराव. विहीर वापरात नाही असं तुम्ही लिहून दिलंय. काय म्हणणं आहे?"

"कोन हरकतदार?"

"तुम्ही, आजोबा."

"म्या?" आबाजींची काठी जमिनीवर आपटली. "रंज्या, तू तर म्हनला आपल्या नावाचा कागद हाय!"

"आबा, त्यातलंच होतं ते. एकाच वेळी सगळं..."

"चष्मा नवता म्हनून न वाचता सही केली. डोळं नवतं असं न्हाई." आबाजी मॅडमकडे वळले. महसूल खात्यातल्या कुणाही माणसाला ते जन्मभर भाऊसाहेब म्हणत आले होते. "भाऊसाहेब, ऐका. हीर खनली तवा चिठ्ठ्या टाकल्या. बुधवार आमाला आला, माज्या बापाला. हुसेनचाचाला आला शुक्रवार. तवा मोट व्हती. दिस उगवायचा, बैलं जुपायची, दिस मावळंस्तवर मानूस मोटंवर उभा. हुसेनचाचाला शुक्रवारी नमाजाला चाकनला चालत जायला लागायचं. अर्धा दिस पानी जायाचं. माजा बाप म्हनला, हुसेन, तू माजा बुधवार घे, मला तुजा शुक्रवार दे. माज्या बैलांना वार कळत न्हाई."

मॅडमच्या हातातलं पेन थांबलं होतं. आबाजींनी काठी रणजीतच्या बुटाला लावली.

"आता त्यांचा बुधवार खोटा म्हनतोस ना? मग आपला शुक्रवार बी खोटा. दे त्यांचा शुक्रवार त्यांना परत!"

रणजीत खाली बघत होता. फोन अजून चालूच होता. त्यातून धम्मरत्न म्हणाला, "मालक, मग पाण्याचं काय करू?"

मॅडमना हसू आवरेना. त्यांनी फाईल तोंडासमोर धरली आणि ती खाली घेतली तेव्हा चेहरा पुन्हा सरकारी होता. "आजोबा, माझ्याकडे वार नसतात. नावं असतात. हरकत ठेवायची की काढायची, एवढं सांगा."

"काडा. आन कुनाचा तरी चष्मा द्या. आता वाचून सही करतो."

चांदभाईंनी तार गुंडाळलेला आपला चष्मा पुढे केला. आबाजींनी ओळ न् ओळ वाचली, मोठ्याने, सगळ्या कचेरीला ऐकू जाईल अशी. मग सही केली.

दिवस कलायला लागला होता. रणजीतच्याच गाडीतून तिघे विहिरीवर गेले. खोल्यांसमोर बादल्यांची रांग होती, रांगेच्या तोंडाशी धम्मरत्न. चांदभाईंनी नरसाळं घेतलं, पाणी ओतलं, पाइपवर त्या एका जागी बुक्की मारली. मोटर गुरगुरली, खोकली आणि पाण्याची धार हौदात पडली. सूर्य शेडच्या पत्र्यावर टेकलेला होता.

"लागला का वार?" आबाजींनी विचारलं.

"लागला," चांदभाई म्हणाले.

महिनाभराने नबीलाने मोबाईलवर सातबारा काढून दाखवला. हुसेन मुलाणींचं नाव कमी होऊन त्याला कंस पडला होता. खाली चांदभाईंचं नाव, त्याखाली मुमताजचं. चांदभाईंनी स्क्रीन जवळ धरली, मग लांब धरली.

"ह्यात बुधवार कुठं हाय?"

"तो नाही लिहीत, अब्बा."

"मग लिहिलंय काय?"

"तुम्ही."

दुसऱ्या दिवशी एक नवीन गिऱ्हाईक आलं. पंप घेऊन. "चाचा, गाँव कौनसा?" चांदभाईंनी नेहमीचंच उत्तर दिलं. फक्त या वेळी 'आसली गाव' विचारायची वेळ त्यांनी येऊ दिली नाही. नबीलाने फोनमध्ये टाकून दिलेला सातबारा त्याच्यापुढे धरला. बिहारी पोराला त्यातलं मराठी कळलं नाही. त्याने मान डोलावून "अच्छा है" म्हटलं. चांदभाईंना तेवढं पुरलं.

रणजीतच्या कंटेनरचा रस्ता विहिरीला वळसा घालून गेला. तो काही दिवस दुकानासमोरून काच वर करून जायचा. मग एका गुरुवारी गाडी थांबली. तो उतरला, पण आत आला नाही. उंबऱ्याशीच उभा राहिला.

"चांदचाचा, पुढच्या बुधवारी सायलीची हळद आहे. दारातच मांडव टाकतोय, गावच्या घरी." सायली त्याची धाकटी बहीण. "पाणी लागेल. तुमचा बुधवार... उसना मिळेल का?"

वडापाववाल्याचा झारा कढईवर थांबला. मोटर चांदभाईंची असली तरी तिथे कुलूप नव्हतं की पहारा नव्हता. पाइप फिरवून घेतला असता तर विचारणारं कोण होतं?

चांदभाईंनी हातातली पकड खाली ठेवली. "देतो. फेडशील कवा?"

"शुक्रवारी. आमच्याकडे शुक्रवारच..." बोलता बोलता रणजीत थांबला. "शुक्रवारी तुमची नमाज."

"व्हय."

"मग?"

"बघू. तू हळद उरक आधी."

बुधवारी हळदीला भरपूर पाणी झालं. मोटर चालू करायला अर्थात चांदभाईच गेले. रणजीतने आधी स्वतः प्रयत्न केला होता. पांढऱ्या सदऱ्यावर नरसाळ्याचं पाणी सांडून आणि पाइपला सगळीकडे बुक्क्या मारून त्याने हात सुजवून घेतला होता. खोल्यांना त्या दिवशी टँकर गेला.

शुक्रवारी सकाळी दुकानाचं शटर खालीच राहिलं. वडापाववाल्याने कॅलेंडर बघितलं. चांदभाई विहिरीवर होते. मुलाण्यांच्या घरात आजोबांनंतर पहिल्यांदा शुक्रवार आला होता. त्यांनी पंपात पाणी ओतलं, बुक्की मारली, बटण दाबलं. धार खोल्यांच्या टाकीकडे लागली. दुपारी त्यांनी हातपाय धुतले, टोपी घातली आणि मोटरसायकलवर बसून चाकणला गेले. आता वाट चालायची नव्हती. मोटेला माणूस लागायचा. मोटरीला लागत नाही.

नमाज करून परत आले तर मोटर चालू होती. बांधावर, लिंबाच्या चतकोर सावलीत, काठी मांडीवर घेऊन आबाजी बसले होते.

"आबा, तुमी हितं उनाचं कशाला?"

आबाजींनी मोटरीवरची नजर काढली नाही.

"तुज्या फूटव्हॉल्व्हचा काय भरवसा?" ते म्हणाले.